तुवाकबीबीची जीभ

तुवाकबीबीची जीभ मेली त्याला अडीच वर्षं होत आली होती, आणि ही गोष्ट तिच्याशिवाय कोणालाही ठाऊक नव्हती. जीभ मेली म्हणजे बोलणं बंद पडलं असं नव्हे. बोलायला ती पहिल्यापासूनच कमी. तिची चव गेली. मीठ, साखर, मेंढीची चरबी, उंटिणीच्या आंबवलेल्या दुधाचं चाल नावाचं पेय, काहीही तोंडात घातलं तरी ओलं फडकं चघळल्यासारखं. दुसऱ्या कोणाची चव गेली असती तर लोक म्हणाले असते, वय झालं, खा गपचूप. पण तुवाकबीबी आकताकीर वस्तीची पाणी चाखणारी होती. सात घरं, अठरा उंट आणि नऊशे मेंढ्या तिच्या जिभेवर जगत होत्या.

बाहेरच्या माणसाला वाटतं आमच्या काराकुम वाळवंटात पाणीच नाही. पाणी आहे हो, हवं तेवढं आहे. वाळूत तीन पुरुष खाली जा, लागतंच. पण ते असं कडूखारं की गाढवानं हुंगावं आणि मागे फिरावं. गोडं पाणी फक्त वरून येतं. हिवाळा सरता सरता चार-सहा सरी पडतात, तेवढंच वर्षाचं. ताकीर म्हणजे वाळूच्या टेकड्यांमधलं चिकणमातीचं सपाट मैदान. उन्हाळ्यात इतकं कडक की ट्रक गेला तरी चाकाचा माग उमटत नाही. पावसाचं पाणी त्यात मुरत नाही, बोटभर उंचीचं नुसतं पसरून राहतं. आमच्या जुन्या माणसांनी ताकीरवर चर खणले आणि ते पाणी काठच्या वाळूकडे वळवलं. तिथे ते मुरतं. खाली गेल्यावर खाऱ्यात मिसळत नाही, दुधावर साय धरावी तसं त्याच्यावर तरंगत राहतं. आमच्या विहिरी त्या सायीत. साय अलगद काढायची असते. पोहरा खोल गेला, किंवा एकाच विहिरीवर हात चालत राहिला, की खालचं कडू वर येतं आणि ती विहीर पाच-सात वर्षं हातची जाते.

म्हणून चाखणारी लागते. उजाडताना, चहाचा घोटही न घेता, तिनं सातही विहिरींवर जायचं. प्रत्येकीचं एक घोटभर पाणी तोंडात धरायचं, थुंकायचं, आणि सांगायचं. चांगलं असेल तर ‘आहे’. ‘गोडं आहे’ असं चुकूनही म्हणायचं नाही, नजर लागते. पाणी जड वाटलं तर ‘निजवा’, म्हणजे तिला महिना-दोन महिने हात लावायचा नाही. आणि सातही गेल्या तर ‘नाही’. तो शब्द आकताकीरमध्ये तुवाकबीबीच्या आजेसासूनं एकदा उच्चारला होता, त्या दिवशी सगळी वस्ती उठली ती सहा वर्षांनी परतली. चाखणारीच्या शब्दापुढे दुसऱ्या कोणाची जीभ चालत नाही. एका विहिरीवर दहा जिभा झाल्या की दहा मतं होतात, आणि मतं होईपर्यंत साय संपते. बाकीच्यांच्या जिभा चहा पिण्यासाठी, असं माझी आजीसुद्धा म्हणायची.

तुवाकबीबी इथली नव्हे. तीन दिवसांच्या उंटवाटेवरच्या एका वस्तीतून एकोणिसाव्या वर्षी सून होऊन आली. सासू बीबीसोल्तान. सासू कसली, मास्तरीण होती. पोरीचा हात बघायचं सोडून तिनं आधी तिला जीभ काढून दाखवायला लावली. मग तीन वर्षं कांदा बंद, मिरची बंद, मीठ जेमतेम. एक चिमूट मीठ कढईभर पाण्यात, अर्धी चिमूट, पाव चिमूट, असे वाडगे मांडायचे आणि नवी सून कोणता कुठला ते सांगणार. चुकली की पळीचा दांडा मनगटावर. बरं, ओरडायची सोय नाही. आमच्याकडे नवी सून सासू-सासऱ्यांसमोर बोलत नाही, डोक्यावरच्या शालीचं टोक दातांत धरून वावरते. त्याला याश्माक म्हणतात. तोंड दाबून बुक्क्यांचा मार म्हणतात ना, तोच, फक्त तोंड आपलं आपणच दाबायचं. सासूला वाटेल तेव्हा ती सुनेला काहीतरी देऊन ते टोक सोडवते. बीबीसोल्ताननं चौथ्या वर्षी सोडवलं. तोवर पोरीची जीभ अशी तयार झाली होती की चहाच्या पहिल्या घोटाला ती सांगायची, हे तिसऱ्या विहिरीचं.

नवरा गारयागदी. बर्फ पडलं त्या दिवशी जन्मला म्हणून तसलं नाव. आमच्याकडे आभाळ बघून नावं ठेवतात, दुसरं बघायला आहे तरी काय? तो चर राखायचा. वारा वाळू आणून चर भरतो, हा उपसतो, वारा पुन्हा भरतो. चाळीस वर्षं तेच. माणूस गमत्या होता. म्हणायचा, माझ्या बायकोच्या धाकानं पाऊससुद्धा हात धुऊन पडतो. एकच मुलगा जगला, यागमीर. तो एप्रिलच्या सरीत झाला. मेंढ्या तोच बघतो.

गारयागदी जुलैत गेला. सकाळी फावडं घेऊन चरावर गेला, दुपारी परत आला. ऊन असं की सावलीतल्या किटलीला हात लावू देईना. दोन वाडगे पाणी प्याला, ‘ऊन आहे’ म्हणाला आणि भिंतीशी आडवा झाला. तिसऱ्या प्रहरी तुवाकबीबी उठवायला गेली तेव्हा तो थंड होत होता. मग तिनं त्याचा वाडगा धुऊन पालथा घातला आणि शेजारच्या ओगुलगेरेकला हाक मारली. ओगुलगेरेकनं असा गळा काढला की टेकडीपलीकडची मेंढरं बिथरली. तुवाकबीबी बायकांच्या मधोमध बसून होती. रडायला हवं हे तिला कळत होतं, पण काही आलं नाही. ताकीरच्या काठी उंचवट्यावर त्याला पुरला.

चाळिसाव्या दिवसाचं जेवण झालं तेव्हा कढईतलं मटण तिच्या पुढ्यात आलं. तिनं खाल्लं, आणि खाल्लं की नाही ते तिला समजेना. मीठ बोटावर घेऊन चाटलं. काही नाही. वाटलं सर्दी असेल. दुसऱ्या दिवशी विहिरींवर गेली, पहिलीचं पाणी तोंडात धरलं, थुंकलं. बायका बादल्या घेऊन उभ्या होत्या. तिनं ‘आहे’ म्हटलं. उद्या येईल चव, असं मनाशी धरून म्हटलं.

उद्या आली नाही, परवाही नाही. मग सांगायची वेळच निघून गेली. आणि सांगणार तरी काय? चाखणारी नाही तर वस्ती नाही. सगळे उठून कालव्याकाठच्या गावी जाणार, यागमीर आईला गाठोड्याबरोबर ट्रकमध्ये घालणार, आणि गारयागदी वाळूत एकटा. त्याच्यासाठी तिचा जीव तुटत होता असंही नाही. जीव तुटत असता तर बरं झालं असतं, असं तिला स्वतःला वाटायचं. रोज सकाळी सात घोट, सात वेळा थुंकणं, हे एवढं एकच तिच्याकडे उरलं होतं, ते सोडलं तर दिवसाचं करायचं काय हे तिला समजत नव्हतं. मग ती सवयीनं सांगू लागली. आज पहिली आणि चौथी आहे, दुसरी निजवा. पुढच्या महिन्यात दुसरी उठवा, पाचवी निजवा. चाळीस वर्षांची आठवण होती, तिच्यावर भागवलं. डोळे आंधळ्याचे आणि वाट ओळखीची, तसलाच प्रकार.

पण आभाळ कोणाच्या आठवणीवर चालत नाही. त्या वर्षी वसंतात ढग आले, ताकीर नुसतं ओलं करून गेले. पुढच्या वर्षी तेवढंही नाही. टेकड्यांवर गवत तीन आठवडे हिरवं राहतं ते दहा दिवसांत पिवळं पडलं. गारयागदीचे चर कोण उपसणार? यागमीर मेंढ्यांमागे. चर भरत गेले. तुवाकबीबीच्या डोळ्यांना काही खुणा दिसत होत्या, नाही असं नाही. किटलीत पांढरा थर जाड बसू लागला होता. कपडे धुताना साबणाला फेस येईना. ‘हल्ली साबणच असला येतो,’ असं ती ओगुलगेरेकला म्हणाली. ओगुलगेरेक म्हणजे वस्तीतली सगळ्यात तिखट बाई, ब्र काढल्याशिवाय तिचा घास उतरत नाही. ती नुसतं ‘हो, साबणच’ म्हणाली आणि कपडे पिळत राहिली. तुवाकबीबीला तेव्हाच नवल वाटायला हवं होतं.

गारयागदीला वर्ष उलटल्यावर, शरदात, यागमीरचं लग्न झालं. मायसा कालव्याकाठची. कापसाच्या शेतात वाढलेली, दंडाला बळकट, सावळी. दातांत शालीचं टोक धरून ती घरात आली आणि कामाला लागली. तुवाकबीबी तिला घालूनपाडून बोलत नव्हती, पळीचा दांडा तर नाहीच. पण टोक सोडवायचंही तिच्या लक्षात आलं नाही. घरात कोणी बोलावं असं तिला वाटत नव्हतं. स्वयंपाक हळूहळू सगळा सुनेवर टाकला. ‘मीठ तू घाल,’ असं सांगून टाकलं, कारण स्वतः घातलं असतं तर पितळ उघडं पडलं असतं. सुनेच्या हातचं सगळे निमूट खात. छान झालंय असं कोणी म्हणालं की तुवाकबीबीही मान हलवायची.

वसंतात मायसाला दिवस गेले. वस्तीत चार वर्षांत पोर जन्मलं नव्हतं, त्यामुळे सात घरांना आनंद. ओगुलगेरेकनं पाळण्याच्या दोरीसाठी उंटाचे केस कातायला घेतले. जुलै आला, पारा सत्तेचाळीसवर. मायसाचे पाय सुजले, डोकं दुखायचं, दुपारभर भिंतीला टेकून बसायची. तुवाकबीबीला पोटुशीची काळजी घ्यायची असते हे माहीत होतं. तिनं घेतली. तासातासाला वाडगा भरून स्वतःच्या हातानं सुनेच्या तोंडाला लावायची. ‘पी. पोटातल्यालाही तहान लागते.’ मायसा डोळे खाली घालून टोक जरासं बाजूला करायची, पिऊन टाकायची, पुन्हा टोक दातांत. तुवाकबीबी पुन्हा भरायची. ‘अजून पी.’

पाचव्या महिन्यात पोट पडलं. मुलगा होता. आजोबाच्या शेजारी हातभर खड्डा करून, पांढऱ्या कापडात गुंडाळून त्याला ठेवला. ओगुलगेरेक म्हणाली नजर लागली. नेपेसआगा, वस्तीतले सगळ्यात वडीलधारे, ते म्हणाले अल्लाची मर्जी. मायसा आठ दिवस भिंतीकडे तोंड करून पडली होती. तुवाकबीबी तिला पाणी देत राहिली. काहीतरी वाटायला पाहिजे, आपलं नातवंड गेलं, असं ती मनाला सांगायची. मन ऐकून घ्यायचं आणि गप्प राहायचं.

शरद लागता लागता मायसाला पुन्हा दिवस राहिले. या वेळी आनंद कोणी बोलून दाखवला नाही.

हिवाळा उत्तरेकडून आला. आमच्या वाळूला अधलंमधलं काही येत नाही. जुलैत भाजते तीच वाळू जानेवारीत दगड होते. शून्याच्या वीस अंश खाली गेलं, उंटांच्या पापण्यांवर पांढरं धरलं, आणि जानेवारीच्या अखेरीस बर्फ पडलं, चांगलं मूठभर जाडीचं. तिसऱ्या दिवशी सकाळी तुवाकबीबी विहिरींवरून परत येत होती. नेहमीसारखं तीन वेळा ‘आहे’ आणि चार वेळा ‘निजवा’ करून झालं होतं. बघते तर मायसा घरामागच्या साक्सौलच्या झुडपांत वाकून, फांद्यांवरचं बर्फ दोन्ही हातांनी खरवडून कढईत भरत होती. पोट आता दिसू लागलं होतं. हात लाल झाले होते. कढई भरली तशी ती उचलून आत गेली.

इतक्या दिवसांत पहिल्यांदा तुवाकबीबीला राग आला. राग म्हणजे काय, कुठेतरी काहीतरी टोचलं. ज्या वस्तीत चाखलेलं पाणी आहे तिथे बर्फ वितळवून पिणं म्हणजे विहिरीच्या तोंडावर थुंकणं. वाटसरू पितात, मेंढपाळ रानात पितात. घरातली सून पीत नाही. ती कढई ओतून द्यायला म्हणून ती स्वयंपाकाच्या खोलीत शिरली. वर्षभरात ती त्या खोलीत फारशी आलीच नव्हती. चूल पेटली होती, वर कढई, शेजारी झाकलेली दुसरी किटली. आणि कोपऱ्यात मिठाची पिशवी. यागमीरनं लग्नाच्या वेळी तालुक्याहून आणलेली दहा किलोची पिशवी. तिच्यावर धूळ बसली होती. तुवाकबीबीनं दोरी सोडून आत हात घातला. पिशवी गळ्यापर्यंत भरलेली होती.

तिनं वळून सुनेकडे बघितलं.

‘तू मीठ घालतेस की नाही?’

मायसानं मान हलवली. नाही.

‘केव्हापासून?’

मायसाचं टोक दातांत. डोळे खाली.

तुवाकबीबीनं आपल्या मनगटावरचं चांदीचं कडं काढलं. काढताना हाताला लागलं, चाळीस वर्षं ते निघालं नव्हतं. तिनं ते सुनेच्या हातात घातलं आणि पुढे होऊन तिच्या दातांतलं टोक ओढून काढलं. असं करायला खरं तर बायका जमवतात, गोड करतात. ‘झालं. सुटलीस,’ ती म्हणाली. ‘आता बोल.’

मग मायसा बोलली, आणि सव्वा वर्षात पहिल्यांदा तुवाकबीबीनं आपल्या सुनेचा आवाज धड ऐकला. जाड होता, थोडा बसलेला.

‘पाणी खारं आहे, एजे.’

‘कुठल्या विहिरीचं?’

‘सगळ्यांचं. मी आले तेव्हा दोनच खाऱ्या होत्या. उन्हाळ्यापर्यंत सातही झाल्या.’

‘उन्हाळ्यात मी तुला पाजत होते.’

‘हो.’

‘तेव्हा तुला कळत होतं?’

‘हो.’

‘मग प्यालीस कशाला?’

‘तुम्ही दिलंत म्हणून,’ मायसा म्हणाली. आवाज चढवून नाही, टोमणा मारून नाही. विचारलं म्हणून सांगितलं.

तुवाकबीबी मिठाच्या पिशवीशेजारी जमिनीवर बसली. कढईतलं बर्फ चुरचुरत होतं. पाण्यानं झालं की नशिबानं, ते कोणी सांगू शकणार नव्हतं. पण वाडगे तिच्या हातातले होते, मोजले नव्हते इतके होते. तिनं डोळे मिटून बघितलं, रडू येतंय का. नाही. ती म्हणाली, ‘मला चव नाही गं. तुझे सासरे गेले तेव्हापासून नाही.’ मायसा सासूच्या शेजारी बसली, आणि वितळलेल्या पाण्याचा वाडगा भरून आधी स्वतः प्याली. तुवाकबीबीनं विचारलं, पाणी खारं झालंय हे यागमीरला ठाऊक आहे का. मायसा म्हणाली, ‘सगळ्यांना ठाऊक आहे, एजे.’

दुसऱ्या दिवशी उजाडताना तुवाकबीबी विहिरींवर गेली. बर्फावर वारा सुटला होता. बायका होत्या, नेपेसआगा होते, यागमीर उंट घेऊन उभा होता. सगळे रोजच्यासारखे बादल्या धरून गप्प. तिनं सातही विहिरींचं पाणी चाखलं. चाखलं म्हणजे तोंडात धरलं आणि थुंकलं, एवढंच, पण सातही. सातवीपाशी तोंड पुसून ती सरळ उभी राहिली.

‘नाही,’ ती म्हणाली.

पुढचं एक आत्ताच सांगून टाकते, म्हणजे ऐकणाऱ्याचा जीव टांगणीला राहायला नको. मायसा जूनमध्ये कालव्याकाठच्या गावात सुखरूप बाळंत झाली, मुलगी झाली, ठणठणीत आहे आणि भारी रडकी आहे. पण मला त्या सकाळचं सांगायचंय.

तुवाकबीबीला वाटलं होतं, आता रडारड होईल. सात घरं, चाळीस वर्षांचा संसार, ऐन हिवाळ्यात उठायचं, कोणीतरी छाती बडवील, कोणीतरी तिला शिव्या घालील. घालाव्यात, असंच तिला वाटत होतं. पण नेपेसआगांनी बादलीतलं पाणी बर्फावर ओतून दिलं आणि बादली पालथी घातली. बायका एकेक करून घराकडे वळल्या. तुवाकबीबी ओगुलगेरेकच्या मागोमाग गेली, काहीतरी आवराआवर करू लागावं म्हणून. दारातून आत बघितलं तर आवरायला काही नव्हतंच. लोकरीचे नमदे गुंडाळलेले, गाद्या बांधलेल्या, भांडी पोत्यात. भिंती उघड्या. फक्त एक सतरंजी, एक किटली, दोन वाडगे बाहेर. गाठोड्यांच्या गाठींमध्ये बारीक वाळू घट्ट बसली होती.

तिनं ती वाळू बोटानं उकरली. विचारलं, हे कधी बांधलंत?

‘मायसाचं पोर गेलं त्याच्या नंतर,’ ओगुलगेरेक म्हणाली. ‘सगळ्यांनीच बांधलंय. तुझं तेवढं राहिलंय.’

‘मग गेला का नाहीत?’

‘तू आहे म्हणत होतीस.’

‘आणि तेच पीत राहिलात?’

ओगुलगेरेक सतरंजी झटकत होती. ती थांबली. ‘पीत होतो. चहा जरा कडक करायचा की जातं. आता काय सांगायचं तुवाक, पाणी खारं झालंय हे तुला कळतंय, हे आम्हाला ठाऊक होतं. तुझ्या जिभेतून पाव चिमूट सुटत नाही, आणि एवढं सुटेल होय? नेपेसआगा म्हणाले, बाईला तिच्या माणसाला सोडून जायला अजून जमत नाहीये. तिचं दुःख मोठं आहे. ती आपणहून म्हणेपर्यंत कोणी तोंड उघडायचं नाही. मी म्हटलं ठीक आहे. माझ्या तोंडाला कुलूप घालणं सोपं नाही, तुला माहीत आहे. पण घातलं.’

तुवाकबीबी दाराच्या चौकटीला धरून उभी होती. पायांखालचं बर्फ वितळून सपाता ओल्या झाल्या होत्या. ओगुलगेरेकनं तिच्याकडे बघून आवाज जरा खाली आणला. म्हणाली, दुःख असतं बाई, त्याला वेळ लागतो, त्यात लाजायचं काय आहे.

ते ऐकून तुवाकबीबीनं तोंड उघडलं. माझी जीभ मेली आहे, मला काही कळत नव्हतं, हे सांगणं तसं सोपं होतं, ते ती आदल्या दिवशी एकदा सांगूनही बसली होती. पण ओगुलगेरेकला सांगायचं होतं ते वेगळंच होतं. तिच्या दुःखाचा मान राखायला सात घरांनी खारं पाणी पोटात घातलं होतं, एक पोर मातीत घातलं होतं. आणि अडीच वर्षांत तिला दुःख झालंच नव्हतं. एक दिवससुद्धा नाही.

‘काय गं?’ ओगुलगेरेकनं विचारलं.

‘काही नाही,’ तुवाकबीबी म्हणाली, आणि आपलं घर बांधायला गेली.